राज्य गेले, दफ्तर राहिले : तंजावरचे सरफोजीराजे

तंजावर : येथील जुन्या राजवाड्याच्या आवारात असलेल्या सरस्वती महाल ग्रंथालयाच्या संग्रहात डोळ्यांच्या रुग्णांची सुमारे दोनशे वर्षांपूर्वीची टिपणे आहेत. त्यांची संख्या चाळिसाहून अधिक भरते. काही मजकूर इंग्रजीत, काही मोडी लिपीत. प्रत्येक कागद एकेका रुग्णाचा. त्यावर रोगाचे वर्णन, केलेले उपचार आणि जोडीला त्या रुग्णाच्या डोळ्याचे चित्र. बहुतेक नोंदी मोतीबिंदूसारख्या सामान्य माणसाला गाठणाऱ्या व्याधींच्या आहेत. ज्यांच्या आज्ञेने हे कागद तयार झाले, ते तंजावरचे भोसले राजे सरफोजी दुसरे. त्यांच्याकडे राजेपद होते, पण राज्य नव्हते. हाती उरलेल्या आयुष्यात त्यांनी भोवतालचे जग बारकाईने पाहिले, आणि पाहिलेले लिहून, चितारून, छापून व दगडात कोरून ठेवले.

छत्रपती शिवाजी महाराजांचे सावत्र बंधू व्यंकोजीराजे यांनी सतराव्या शतकाच्या आठव्या दशकात कावेरीच्या खोऱ्यात मराठी सत्ता स्थापन केली. या घराण्याने तंजावरवर सुमारे पावणेदोनशे वर्षे राज्य केले. प्रजा प्रामुख्याने तमिळ, आधीच्या नायक राजांमुळे दरबारात रुजलेली तेलुगू, विद्वानांची संस्कृत आणि राजघराण्याची मराठी अशा चार भाषा या नगरीत एकत्र नांदत होत्या. सरफोजीराजांच्या वृत्तीची जडणघडण याच बहुभाषिक वातावरणात झाली.

वादग्रस्त दत्तक

सरफोजीराजांचा जन्म २४ सप्टेंबर १७७७ चा, भोसले घराण्याच्या एका शाखेतला. राजे तुळजाजी यांना वारस नव्हता. आयुष्याच्या अखेरीस, जानेवारी १७८७ मध्ये, त्यांनी या नऊ वर्षांच्या मुलाला दत्तक घेतले. ट्रँकेबारच्या डॅनिश वसाहतीतून दक्षिणेत आलेले जर्मन मिशनरी ख्रिश्चन फ्रेडरिक श्वार्ट्झ यांनी मुलावर देखरेख ठेवावी, अशी त्यांची इच्छा होती. त्याच वर्षी तुळजाजींचे निधन झाले आणि त्यांचे सावत्र बंधू अमरसिंह यांच्या हाती सत्ता गेली. दत्तकाचे वय अधिक आहे, तो जन्मदात्याचा एकुलता एक मुलगा आहे, अशा हरकती निघाल्या. पंडितांनी दत्तक अशास्त्रीय ठरवले आणि ईस्ट इंडिया कंपनीने ते मान्य केले.

पुढची वर्षे मुलासाठी कोंडीची होती. वाड्यात तो जवळजवळ नजरकैदेत होता आणि शिक्षणाची नीट सोय नव्हती. श्वार्ट्झ यांनी कंपनी सरकारकडे सतत पाठपुरावा केला. अखेर १७९३ मध्ये तुळजाजींच्या विधवा राण्यांसह त्याला मद्रासला हलवण्यात आले. तेथे श्वार्ट्झ यांचे सहकारी गेरिके यांच्या देखरेखीखाली त्याचे इंग्रजी शिक्षण झाले. मराठी, तमिळ, तेलुगू, संस्कृत या भाषांना इंग्रजीची जोड मिळाली आणि युरोपात त्या काळी बहरात आलेल्या निसर्गविज्ञान, शरीरशास्त्र व रसायनशास्त्र यांचे दार त्याच्यासाठी उघडले. वस्तू आधी नीट पाहावी, तिची नोंद करावी आणि मग मत बनवावे, ही त्या शास्त्रांची रीत पुढे राजांच्या साऱ्या कामात दिसते.

दत्तकाचा प्रश्न कंपनीने पुन्हा विचारात घेतला. नव्याने घेतलेली पंडितांची मते सरफोजींच्या बाजूने पडली. अमरसिंहांना पदच्युत करण्यात आले आणि २९ जून १७९८ रोजी सरफोजी गादीवर बसले. त्यांच्यासाठी झटलेले श्वार्ट्झ हा दिवस पाहण्यास राहिले नव्हते. त्याच वर्षी १३ फेब्रुवारीला त्यांचे निधन झाले होते. राजांनी त्यांच्या स्मरणार्थ इंग्लंडमधील ख्यातनाम शिल्पकार जॉन फ्लॅक्समन यांच्याकडून संगमरवरी स्मारक घडवून घेतले. मृत्युशय्येवरील गुरू आणि त्यांचा हात धरून उभा असलेला राजा असे ते शिल्प आजही तंजावरच्या शिवगंगा परिसरातील चर्चमध्ये आहे. राजांनी धर्म मात्र बदलला नाही. ते अखेरपर्यंत शिवभक्त राहिले.

गादी मिळाली, मुलूख गेला

गादीची किंमत लवकरच चुकवावी लागली. २५ ऑक्टोबर १७९९ च्या तहाने तंजावरचा मुलकी, दिवाणी आणि फौजदारी कारभार कंपनीकडे गेला. राजांकडे किल्ला आणि त्याच्या लगतचा परिसर एवढेच क्षेत्र राहिले. त्याबदल्यात वर्षाला एक लाख होन आणि मुलखाच्या निव्वळ वसुलाचा पाचवा हिस्सा ठरला. बावीस वर्षांच्या राजाला लढण्यासाठी फौज नव्हती, वसुलीसाठी गावे नव्हती आणि न्याय देण्यासाठी न्यायासन नव्हते.

अशा अवस्थेत त्या काळचे अनेक संस्थानिक शिकार, उत्सव आणि कर्ज यांत बुडाले. सरफोजीराजांनी नेमणुकीचा पैसा ग्रंथ, वैद्य, चित्रकार, छापखाना, शाळा आणि अन्नछत्रे यांवर वळवला. गेलेला मुलूख परत मिळवणे त्यांच्या हाती नव्हते. त्या मुलखातील माणसे कशी राहतात, कशाने आजारी पडतात, काय गातात, कुठे जातात, हे जाणून घेणे मात्र हाती होते.

याचा पहिला मोठा पुरावा अन्नछत्रांविषयी आहे. रामेश्वरच्या यात्रामार्गावर तंजावरच्या राजांनी पिढ्यानपिढ्या छत्रे चालवली होती. तहानंतर तीही कंपनीच्या ताब्यात जाण्याची भीती निर्माण झाली. तेव्हा १८०१ मध्ये राजांनी इंग्रज अधिकाऱ्यांना एक सविस्तर पत्र पाठवले. त्यात घराण्याच्या थोरवीपेक्षा छत्रातील दैनंदिन व्यवहाराचे वर्णन अधिक जागा घेते. कोणत्याही जातीचा वाटसरू आला तरी त्याला अन्न मिळते. काहींना शिजवलेले, तर स्वतः रांधून खाणाऱ्यांना शिधा. आजारी प्रवाशाला औषध आणि पथ्याचे जेवण मिळते, बरा होईपर्यंत त्याची शुश्रूषा होते. गरोदर स्त्रीचे बाळंतपण तेथेच होते आणि त्यानंतरही काही काळ तिला आसरा मिळतो. परक्या प्रवाशांची अनाथ झालेली मुले छत्रातील शिक्षकाच्या हवाली केली जातात. त्यांना तीन वेळा जेवण, वस्त्रे, औषध आणि ठरावीक दिवसांनी तेलाचे अभ्यंगही मिळते. ज्याला ज्या विद्येची आवड, ती त्याला शिकवली जाते. प्रवासी वाटेत मरण पावला, तर त्याच्या जातीच्या रीतीप्रमाणे अंत्यविधी केला जातो.

युक्तिवाद म्हणून हे पत्र प्रभावी आहेच, पण एका समाजाचे चित्र म्हणूनही त्याचे मोल मोठे आहे. दोन शतकांपूर्वी पायी निघालेला गरीब यात्रेकरू वाटेत काय खात होता, त्याची बायको कुठे बाळंत होत होती आणि त्याच्या पोरक्या मुलाचे काय होत होते, हे त्यातून कळते. ते लिहिणाऱ्याच्या मनातील हेतू स्पष्ट होता : हे बंद पडले तर या माणसांचे काय होईल, ते समोरच्याला दिसले पाहिजे. राजांनी पुढेही छत्रे चालवली. त्यांची प्रिय सहचरी मुक्तांबा हिच्या नावाने ओरथनाडू येथे उभारलेले छत्र त्यांपैकी विशेष प्रसिद्ध आहे. अन्नदानासोबत तेथे विद्यादानही चाले.

एकेक डोळा, एकेक कागद

राजांचा वैद्यकातील रस छंदापुरता नव्हता. त्यांनी धन्वंतरी महाल ही संस्था उभारली. तेथे आयुर्वेद, सिद्ध, युनानी आणि युरोपीय वैद्यकाचे जाणकार एकत्र काम करीत. औषधे तयार केली जात, रुग्णांवर त्यांचा परिणाम पाहिला जाई आणि गुणकारी ठरलेल्या उपचारांची नोंद होई. या उपचारांचे तमिळ पद्यांत झालेले संकलन ‘सरभेंद्र वैद्य मुरैगळ’ या नावाने ओळखले जाते आणि पुढे ते अनेक खंडांत प्रकाशित झाले. सामान्य वैद्याला पाठ करता यावे, म्हणून ते पद्यात.

डोळ्यांच्या रुग्णांची टिपणे याच कामाचा भाग. त्यांचे वेगळेपण समजण्यासाठी त्याच काळात तंजावरमध्ये चाललेला दुसरा एक चित्रव्यवहार पाहावा लागतो. कंपनीच्या गोऱ्या अधिकाऱ्यांना विकण्यासाठी येथील चित्रकार निरनिराळ्या जातींच्या आणि व्यवसायांच्या जोडप्यांची चित्रे काढीत. कोष्टी आणि त्याची बायको, कुंभार आणि त्याची बायको. हातात धंद्याचे साधन, अंगावर जातीचा पोशाख. अशी चित्रे आज लंडनसह अनेक ठिकाणच्या संग्रहालयांत आहेत. ती सुबक आहेत आणि पोशाखाच्या अभ्यासकाला उपयोगीही आहेत. पण त्यांतील कोष्टी म्हणजे अमुक एक माणूस नव्हे. तो साऱ्या कोष्ट्यांचा नमुना आहे.

राजांच्या टिपणांतील डोळा मात्र एका माणसाचाच आहे. त्यावरची धूसर सारी, लाली, सूज त्याचीच. चित्रकाराने त्या रुग्णासमोर बसून, दिसले तेवढेच काढावे, हा त्यामागचा नियम. नमुना काढताना चित्रकाराला आधीपासून ठाऊक असलेले पुरते. रुग्णाचा डोळा काढताना समोर पाहावेच लागते.

चलचित्राचा कॅमेरा पॅरिसमध्ये लोकांसमोर आला तो १८९५ साली, म्हणजे राजांच्या मृत्यूनंतर ६३ वर्षांनी. पुढे विसाव्या शतकात माहितीपट करणाऱ्यांचा एक पंथ उदयास आला. समाजाचे जीवन टिपताना आपण मध्ये पडू नये, धीराने पाहत राहावे, माणसाला त्याच्या जातीचा किंवा धंद्याचा प्रतिनिधी न करता माणूस म्हणून दाखवावे, असा त्यांचा आग्रह होता. सरफोजीराजांना या कलेचे नावही ठाऊक असणे शक्य नव्हते. तरीही त्यांच्या दफ्तरातील हे थोडे कागद त्या आग्रहाच्या फार जवळ जातात.

पाहण्याची ही ओढ राजांच्या इतर संग्रहांतही आढळते. त्यांच्या प्रोत्साहनाने तंजावरच्या चित्रकारांनी पशुपक्ष्यांची बारकाईने चित्रे काढली. तंजावरचे ब्रिटिश रेसिडेंट बेंजामिन टोरिन यांच्याकडे गेलेली अशी चित्रे आज ब्रिटिश लायब्ररीत आहेत. राजांनी युरोपातून मागवलेल्या हजारो छापील पुस्तकांत शरीरशास्त्र, वनस्पतिशास्त्र व रसायनशास्त्राचे ग्रंथ होते. माणसांचे चेहरे आणि प्राण्यांची मुखे शेजारी ठेवून त्यांची तुलना करणारी फ्रेंच चित्रकार शार्ल ल ब्रं यांची रेखाटनेही त्यांत होती. ग्रंथालयाला भेट देणारे आजही त्यांच्यापुढे थबकतात.

कुरवंजीच्या तोंडी जगाचा नकाशा

पाहिलेले जपायचे, तसेच ते लोकांपर्यंत पोहोचवायचे, हा राजांच्या कामाचा दुसरा भाग. त्यांनी १८०५ च्या सुमारास ‘नवविद्याकलानिधी’ हा देवनागरी छापखाना सुरू केला. दक्षिणेत असा छापखाना तोवर नव्हता. इसापच्या नीतिकथांचे मराठी रूपांतर ‘बालबोध मुक्तावली’ येथेच छापले गेले. मराठीतील अगदी आरंभीच्या मुद्रित पुस्तकांत त्याची गणना होते. म्हणजे मराठी मुलांसाठी गोष्टींचे पुस्तक पुण्या-मुंबईच्या आधी कावेरीकाठी छापले गेले. नव्या शिक्षणासाठी राजांनी शाळा काढल्या व त्यांत अनेक भाषांच्या अध्यापनाची सोय केली.

‘देवेंद्र कुरवंजी’ हे राजांच्या नावावर असलेले मराठी नाटक या दृष्टीने लक्षणीय आहे. कुरवंजी हा तमिळ मुलखातील लोकप्रिय नाट्यप्रकार. डोंगराळ भागात राहणाऱ्या कुरवर जमातीची भविष्य सांगणारी स्त्री हे त्याचे मुख्य पात्र. ती हात पाहते, भविष्य सांगते आणि आपण पाहिलेल्या गावांचे, डोंगरांचे वर्णन करते. राजांनी हा प्रकार मराठीत आणला आणि त्या भटक्या बाईच्या तोंडी साऱ्या पृथ्वीचा भूगोल घातला. खंड, देश, समुद्र, नगरे यांची नवी माहिती ओळखीच्या पात्राकडून आणि ओळखीच्या चालींत श्रोत्यांपुढे आली. गावोगाव हिंडणाऱ्या स्त्रीला भूगोलाची शिक्षिका करण्यात रंगत आहे आणि लोकजीवनाची पारखही आहे.

नृत्य आणि संगीत यांबाबतही हेच घडले. चिन्नय्या, पोन्नय्या, शिवानंदम आणि वडिवेलु हे तंजावर चतुष्टय म्हणून ओळखले जाणारे चार बंधू याच दरबाराशी संबंधित होते. आज भरतनाट्यमचा जो कार्यक्रम रंगमंचावर दिसतो, त्याच्या रचनेला त्यांनी निश्चित वळण दिले. राजांच्या काळातील मराठी नृत्यरचना ‘कोरव्यांचे साहित्याचे जिन्नस’ या संग्रहात टिकून आहेत. युरोपीय वाद्ये आणि त्यांचे वादकही दरबारी होते.

इतिहासासाठी राजांनी दगड निवडला. त्यांच्या आज्ञेने १८०३ मध्ये चोळांनी बांधलेल्या बृहदीश्वर मंदिराच्या आवारातील भिंतीवर भोसले वंशाचे चरित्र मराठीत कोरण्यात आले. मराठीतील अतिदीर्घ शिलालेखांत त्याची गणना होते. राजराज चोळाच्या काळातील तमिळ लेख मंदिराच्या विमानावर आहेत, तर आवारात ही मराठी अक्षरे. अधिकार संपला तरी आपण येथे होतो, याची नोंद राहावी, ही इच्छा त्यामागे असणार.

त्यांच्या कारकिर्दीला सावलीची बाजूही आहे. नेपोलियनविरुद्ध इंग्रजांना मिळालेल्या विजयाप्रीत्यर्थ राजांनी समुद्रकिनारी मनोरा बांधला. आपला मुलूख ज्यांनी घेतला, त्यांच्याच विजयाचे हे स्मारक. कंपनीच्या मर्जीवर गादी अवलंबून असलेल्या राजाची अगतिकता त्यातून दिसते. त्यांच्या दफ्तरातील माणसेही स्वतः फारशी बोलत नाहीत. रुग्ण, यात्रेकरू, नर्तकी, अनाथ मुले यांच्याविषयी लिहिले गेले ते वाड्यातून. हे ध्यानात ठेवूनच ते कागद वाचावे लागतात.

काशीची वाट

राजांच्या आयुष्यातील सर्वांत लांबचा प्रवास म्हणजे १८२० ते १८२२ या काळातील काशीयात्रा. मोठ्या लवाजम्यासह ते प्रयाग, काशी, गया येथे गेले. यात्रेत दानधर्म झालाच; शिवाय त्यांनी हस्तलिखिते मिळवली, मिळाली नाहीत त्यांच्या नकला करवून घेतल्या. काशीच्या घाटांची चित्रेही त्यांच्या संग्रहात आहेत. पायऱ्या, मंदिरे, नावा आणि काठावरची माणसे यांसह गंगेचा काठ क्रमाने उलगडत नेणारी ही चित्रे आज बदललेल्या काशीचा जुना दाखला ठरतात. या यात्रेवर मराठी लावण्याही रचल्या गेल्या. पुढे सरस्वती महालाने त्या प्रकाशित केल्या.

कलकत्त्याचे बिशप रेजिनाल्ड हेबर १८२६ मध्ये तंजावरला आले होते. युरोपीय शास्त्रज्ञांच्या ग्रंथांचा आधार देत बोलणारा हा राजा पाहून ते थक्क झाले आणि आपल्या लेखनात त्यांनी त्याची आवर्जून नोंद केली. त्यानंतर काही दिवसांतच तिरुचिरापल्ली येथे हेबर यांचा मृत्यू झाला.

सरफोजीराजांचे निधन ७ मार्च १८३२ रोजी झाले. त्यांचे पुत्र शिवाजी हे तंजावरचे शेवटचे राजे. १८५५ मध्ये ते पुत्राविना वारले आणि कंपनीने गादी खालसा केली. वाड्यातील खासगी मालमत्ताही जप्त झाली. राणी कामाक्षीबाई यांनी त्याविरुद्ध न्यायालयात दाद मागितली. दावा लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेला आणि १८५९ मध्ये सरकारच्या बाजूने निकाल लागला.

या साऱ्या पडझडीत ग्रंथसंग्रह वाचला. इंग्रज अधिकारी आणि संस्कृत अभ्यासक आर्थर बर्नेल यांनी संस्कृत हस्तलिखितांची सूची १८८० मध्ये प्रसिद्ध केली आणि जगभरच्या विद्वानांचे लक्ष तंजावरकडे वेधले गेले. १९१८ मध्ये ग्रंथालय सर्वांसाठी खुले झाले. आज ते ‘तंजावर महाराजा सरफोजी सरस्वती महाल ग्रंथालय’ या नावाने ओळखले जाते. हजारो ताडपत्रे आणि कागदी हस्तलिखिते तेथे आहेत. त्यांबरोबर मोडी कागदांचे हजाराहून अधिक रुमालही आहेत. त्यांत वाड्याचा खर्च आहे, मंदिरांचे व्यवहार आहेत, नोकरांचे पगार, पत्रे आणि अर्ज आहेत.

काही मोडी कागदांचे वाचन होऊन त्यांचे तमिळ भाषांतर प्रसिद्ध झाले आहे. मराठीत मात्र या खजिन्याचा परिचय अजून तुटपुंजा आहे. तंजावरी वळणाची मोडी, तमिळ शब्दांनी भरलेली दक्षिणी मराठी आणि तेथील मापे-नाणी ही तिन्ही जाणणारे वाचक मोजकेच आहेत. भाषा मराठी, मुलूख तमिळ. त्यामुळे दोन्हीकडचे अभ्यासक एकत्र आल्याखेरीज हे रुमाल पुरते उलगडणार नाहीत. त्यांत कोणा शिपायाचा अर्ज असेल, कोणा बाळंतिणीला दिलेल्या तुपाचा हिशेब असेल. राजांनी लिहून घेतलेल्या या साध्या आयुष्यांना आता वाचणारा हवा आहे.